झांजरीचे बिवरे

उंबर्ड्याचे नऊच्या नऊ बिवरे गाव सोडून पळाले, ही खबर हेमांगी बेडसेला सकाळी दात घासताना मिळाली. सांगायला तिचा नवरा योगराज धावत आला होता आणि दावणीची दुभती म्हैस कोणी सोडून न्यावी तसा त्याचा चेहरा झाला होता.

"एकही नाही?"

"एकही नाही. जावईसुद्धा गेला!"

हे मात्र आक्रीतच होतं. बाकीचे आठ निदान इकडून तिकडे फिरायचे तरी, पण जावई नावाचा बिवरा गेले कित्येक महिने बांधाशेजारी उन्हात पडून होता. काम ना धाम, नुसता मान. म्हणून तर गावाने त्याचं नाव जावई ठेवलं होतं. तो उठून गेला म्हणजे मामला गंभीर होता. हेमांगीने चूळ भरली, स्कूटरची चावी घेतली आणि नदीकडे निघाली.

आता बिवरा म्हणजे काय, हे सांगायला हवं. धुळे जिल्ह्याच्या पश्चिमेला, जिथे डोंगर सुरू होतात, तिथल्या झांजरी नदीकाठी वरच्या अंगाला उंबर्डे आहे आणि खालच्या अंगाला पिंपळखेल. झांजरीला नदी म्हणायचं ते आपलं मान म्हणून. दिवाळी सरली की तिच्यात क्रिकेटच्या मॅची व्हायच्या. तीन वर्षांपूर्वी पुण्याच्या एका संशोधन संस्थेने या नदीवर प्रयोग करायचं ठरवलं आणि प्राणिशास्त्र शिकलेली, नांगरटीपासून नळदुरुस्तीपर्यंत कशालाच न बिचकणारी उंबर्ड्याची सून त्यांनी यंत्रपालक म्हणून नेमली. यंत्रांचं नाव होतं बीव्हर. गावाच्या तोंडी दोनच दिवसांत त्याचा बिवरा झाला.

पहिल्या ग्रामसभेत सरपंच लोटनअण्णांनी विचारलं होतं, "सूनबाई, हा मूळचा बीव्हर कोण म्हणायचा?"

"थंड मुलखातला प्राणी आहे, अण्णा. घूस असते ना, तिचाच लांबचा भाऊबंद, पण चांगला कुत्र्याएवढा. दात नारिंगी, शेपूट उलथण्यासारखं चपटं. दातांनी झाडं पाडतो, ओढ्यावर काटक्या आणि चिखलाचा बांध घालतो आणि मागे साठलेल्या तळ्यात घर करून राहतो. त्या तळ्यामुळे आजूबाजूची जमीन भिजते, विहिरींना पाझर फुटतो, मासे येतात, पक्षी येतात. लाखो वर्षं हाच त्याचा धंदा."

"इतका गुणाचा प्राणी! मग माणसांनी त्याचं काय केलं?"

"टोप्या केल्या, अण्णा."

सभा हसली. पण हेमांगी चेष्टा करत नव्हती. बीव्हरच्या अंगावरची आतली लव कुटून तिचं फेल्ट नावाचं सुरेख जाड कापड बनतं. युरोपातल्या साहेबलोकांना त्या फेल्टच्या टोप्यांचं इतकं वेड लागलं, की तिथले बीव्हर जवळजवळ संपले. मग गोरे लोक त्यांच्यासाठी अमेरिकेत शिरले आणि नद्यांमागून नद्या धुंडाळत गेले. त्याच्या शेपटीखालच्या ग्रंथीतला सुगंधी रस औषध म्हणून विकला. पाण्यात राहतो म्हणजे मासाच, असं ठरवून मासे चालणाऱ्या ख्रिस्ती उपासाच्या दिवसांत त्याला खाल्लाही. शेवटी चिमूटभर उरले, तेव्हा लोकांना कळलं की बीव्हर गेला तसं ओढ्यांमधलं पाणीही गेलं. मग सुरू झाली मनधरणी. एकदा तर अमेरिकेत त्यांना लाकडी पेट्यांत घालून विमानातून पॅराशूटने रानात उतरवलं.

"आधी जीव घ्यायचा, मग विमानाने आणायचा," अण्णा म्हणाले. "माणूस सगळीकडे सारखाच!"

आपल्या उन्हात खरा बीव्हर जगायचा नाही आणि परक्या मुलखातला जीव आणून सोडणं शहाणपणाचंही नाही. म्हणून पुणेकरांनी प्राणी आणला नाही, त्याची अक्कल आणली. खऱ्या बीव्हरांची हजारो तासांची चित्रणं पाहून शिकलेला मेंदू त्यांनी वासराएवढ्या, सहा पायांच्या यंत्रात बसवला. तोंडात दोन करवती आणि मागे चपटी शेपूट, म्हणजे सौरपत्रा. झाडं तोडायची ती फक्त वेडी बाभूळ आणि घाणेरी, कारण या दोघींनी नदीकाठ गिळून टाकला होता.

पण बिवऱ्याचा खरा जीव त्याच्या कानात होता. बीव्हर डोळ्यांनी नाही, कानांनी बांध घालतो. फार पूर्वी एका संशोधकाने पाळलेल्या बीव्हरांपुढे कोरड्या जमिनीवर स्पीकर ठेवला आणि वाहत्या पाण्याचा आवाज लावला, तर त्या बाबांनी थेंबभर पाणी नसताना स्पीकरवर फांद्या रचल्या. उलट आवाज न करता पाणी निसटून जात असलं, तर त्याचं त्यांना फारसं सोयरसुतक नसतं. खळखळ ऐकली की बीव्हरला चैन पडत नाही, एवढं खरं. बिवऱ्यांचा कान तसाच होता. फक्त पुणेकरांनी त्यात एक मर्यादा घातली होती. बारीक झिरपा ऐकूनही सोडून द्यायचा, मोठी खळखळ तेवढी बुजवायची. म्हणजे बांध मुद्दाम गळका राहणार आणि ती गळ खालच्या गावाला मिळणार.

तीन वर्षांत बिवऱ्यांनी झांजरीवर डोंगरापासून उंबर्ड्यापर्यंत बांध घातले. उंबर्ड्याला एप्रिलात पाणी दिसायला लागलं. गावाने बिवऱ्यांना हळदकुंकू वाहिलं, नावं ठेवली, त्यांच्यावर गाणी रचली. आणि आता तेच बिवरे नाहीसे झाले होते.

नदीच्या ओल्या मातीत त्यांच्या पावलांची नक्षी स्पष्ट होती. सगळी रांग खाली निघाली होती, पिंपळखेलकडे. पिंपळखेल म्हणजे हेमांगीचं माहेर.

तिथे तिचा थोरला भाऊ होता, भटू भदाणे. लिंबाच्या बागेचा मालक, तोंडाने फटकळ आणि बहिणीवर जीव टाकणारा. निदान मार्चपर्यंत तरी टाकायचा. मार्चात त्याच्या विहिरीने तळ गाठला, जन्मात पहिल्यांदा. तो फोनवर म्हणाला होता, "तुझ्या यंत्रांनी आमचं पाणी पिऊन टाकलं." ती म्हणाली होती, "दादा, माझे बांध गळके आहेत, त्यांतून तुमच्याकडे पाणी येतंच. तुमच्याच गावाने बोअर मारमारून विहिरी मारल्या." खाडकन फोन बंद झाला तो झालाच. आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, तोंडावर आली होती. आखाजीला लेकीबाळींनी माहेरी जायचं, झोके घ्यायचे, ही खानदेशची रीत. लग्न झाल्यापासून एकही आखाजी तिची चुकली नव्हती आणि यंदा तिला न्यायला मुराळी आलाच नव्हता. तिने कोणाला दाखवलं नाही, पण तिच्या मनाला ते फार लागलं होतं.

पिंपळखेलच्या शिवेवर पोचताच तिने स्कूटर थांबवली. समोर नदीचं पात्र ठणठणीत कोरडं, वाळू नुसती तापलेली. आणि त्या वाळूत धबधबा कोसळत होता! पाणी नव्हतं, नुसता आवाज होता, आणि तोही असा की छातीत दणके बसावेत.

वळणाच्या पलीकडे सगळा उलगडा झाला. लग्नसराईचा डीजे नदीत उतरवला होता. माणूसभर उंचीच्या स्पीकरांतून धबधब्याचं रेकॉर्डिंग वाजत होतं आणि उंबर्ड्याचे नऊ बिवरे जीव तोडून त्यांच्यावर बाभळीच्या फांद्या रचत होते. सगळ्यांत पुढे जावई होता. काठावर अर्धं पिंपळखेल जमून टाळ्या पिटत होतं आणि आंब्याखाली खुर्ची टाकून भटू बसला होता.

"दादा! बंद कर ते!"

"का? तुझं शास्त्रच आहे ना? तूच मागे जेवताना सांगितलं होतंस, आवाज ऐकला की येतात म्हणून. बोलावलं, आले. तुझ्यापेक्षा बरे. हाक मारली की येतात."

"अरे, पाणी कुठे आहे इथे? कोरड्या वाळूत बांध घालून काय करणार?"

"पाणी कुठे आहे ते तू सांग." भटू उठला. त्याचा आवाज एकदम उतरला. "चल, बाग बघ."

तिने बाग पाहिली. पुढच्या रांगांतल्या झाडांची पानं वाळून खाली पडली होती. बोटांएवढ्या फांद्या काडकन मोडत होत्या. हीच झाडं लावताना ती लहानपणी भावाच्या मागे पाण्याची बादली घेऊन पळाली होती. तरी अजून ती हार मानायला तयार नव्हती.

"दादा, माझे बांध गळतात. मी कागदावरचं सांगत नाही. स्वतः पाहिलंय."

"कधी पाहिलंस?"

तिने पाहिलं होतं ते पावसाळ्यात.

"बस मागे," ती म्हणाली. "आत्ता दाखवते."

डीजे बंद झाला आणि भाऊ-बहीण स्कूटरवरून उंबर्ड्याला आले. गावाजवळचा बांध सगळ्यांत खालचा आणि सगळ्यांत मोठा. मागे निळंशार तळं, त्यात बगळे, काठावर उंबर्ड्याच्या पाणी उपसणाऱ्या मोटारी. हेमांगी बांधाच्या खालच्या बाजूला उतरली. इथे दगडांतून बारीक धारा निघायला हव्या होत्या. तिने फांद्यांना कान लावला.

काहीच नाही. थेंबाचासुद्धा आवाज नाही.

आणि मग तिच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. जावई महिनोन्महिने उन्हात का पडून होता? बिवऱ्यांना काम का नव्हतं? तिला वाटलं होतं, बांध पुरे झाले, प्रयोग साधला. पुण्याला तिने तसं अभिमानाने कळवलंही होतं. अहो, काम असणार कुठून? बांधातून आवाजच येत नव्हता!

तिने बोटाने फांद्यांमधली माती उकरली. पिवळी, चिकट, भुसा कालवून मळलेली. ही माती कुठल्या बिवऱ्याची नव्हती. ही उंबर्ड्याच्या घराघरांतून आलेली माती होती.

"गळबंदी," ती पुटपुटली.

उंबर्ड्याची ही जुनी रीत होती. आज्या-पणज्यांच्या काळी नदीवर दगडी बंधारा होता. दिवाळीनंतर पाण्याचा जोर ओसरला की प्रत्येक घराने एक पाटी माती आणायची, भुसा घालून तुडवायची आणि बंधाऱ्याची गळ बुजवायची. गळक्या बंधाऱ्याचं गाव म्हणजे नाक कापलेलं गाव. पुढे नदीच आटली आणि गळबंदीही थांबली. गेल्या दिवाळीनंतर नदीत पाणी टिकलेलं पाहून म्हाताऱ्यांच्या डोळ्यांत पाणी आलं आणि गावाने वाजतगाजत गळबंदी केली, बिवऱ्यांच्या बांधावर! जो बांध गळावा म्हणून शास्त्रज्ञांनी डोकी झिजवली, तो गावाने भक्तिभावाने लिंपून टाकला.

"तुला ठाऊक नव्हतं?" भटूने विचारलं.

"ठाऊक नव्हतं कसं? पहिली पाटी मीच टाकली, दादा. यंत्रपालक म्हणून मला मान दिला होता. हलगी वाजत होती, सगळ्या बाया ओवाळत होत्या. मी हरखून गेले होते रे. सणासुदीचं वाटलं, बांधाचं वाटलंच नाही."

भटूला खरं तर ओरडायचं होतं. मार्चापासून त्याने तेवढ्यासाठी शब्द साठवले होते. पण बहिणीचे मातीने भरलेले हात पाहून ते सगळे घशातच राहिले. "आता काय करतेस?" एवढंच त्याने विचारलं.

करायचं काय, हे तिला कळत होतं. माती उकरून भोक पाडलं तर पाणी धो धो सुटणार, बिवरे ती खळखळ ऐकून भोक बुजवणार आणि त्यांनी नाही बुजवलं तर गाव बुजवणार. पण यावर तोड होती. ज्या देशांत बीव्हर परत आले, तिथे त्यांनी रस्ते आणि शेतं बुडवली, तेव्हा काहींनी बंदुका काढल्या आणि काहींनी डोकं चालवलं. त्यांनी बांधातून एक पाईप घातला. त्याचं तोंड तळ्याच्या मधोमध, पाण्याखाली, जाळीच्या पिंजऱ्यात. दुसरं टोक बांधापासून लांब. पाणी गुपचूप जातं, बीव्हरला पत्ता लागत नाही, तळंही राहतं आणि खालच्यालाही मिळतं. हेमांगीला हे पाठ होतं. अवघड होतं ते सासरच्या गावाला पटवणं.

घरी योगराजने स्पष्टच सांगितलं, "हे बघ, तू आणि भटूदादा सोडून कोणाला हे ठाऊक नाही. सभेत बोललीस तर लोक म्हणतील, सुनेला माहेरचा पुळका आला. आपल्या मोटारी कमी चालतील, हे काय त्यांना कळणार नाही?"

"तुम्ही काय म्हणाल?"

योगराजने डोकं खाजवलं. "मी तुझ्या शेजारी बसेन. बोलायला मात्र सांगू नकोस."

सभा मारुतीच्या पारावर भरली. बिवरे तोवर परत आणले होते. हेमांगीने सगळं सांगितलं, पहिल्या पाटीसकट. ती सांगत असताना कुजबुज वाढत गेली आणि पाईपाचं नाव निघताच एकच गलका झाला.

"वाडवडिलांनी गळ बुजवली आणि आपण पैशे घालून भोक पाडायचं?"

"माहेरी पाणी पळवायचा हा नवा पाट आहे, दुसरं काही नाही!"

हेमांगीचे कान तापले. तरी तिने आवाज चढवला नाही. "माहेर आहे म्हणून मला उशिरा तरी दिसलं. माहेर नसतं तर तिथली झाडं वाळली तरी मी तुमच्यासारखीच मोटार लावून झोपले असते. ऐका. पाचशे वर्षं माणसाने बीव्हरकडे पाहिलं ते आपल्या गरजेपुरतं. डोक्याला टोपी हवी, तर त्याच्यात टोपी दिसली. उपासाला तोंड चाळवायला हवं, तर मासा दिसला. आपण त्याला हळदकुंकू वाहतो, पण आपल्यालाही त्याच्यात आपलीच विहीर दिसते. तो बिचारा गळका बांध बांधतो. नदी अडवतो, पण ठेवून घेत नाही. ठेवून घेतली ती आपण."

"आणि आम्ही पाईप घालू दिला नाही तर?" मागून कोणीतरी विचारलं.

"तर पुण्याहून टेम्पो मागवते आणि बिवरे चढवून देते. खालच्याच्या तोंडचं पाणी तोडून ते इथे राहणार नाहीत. निदान माझ्या हाताखाली तर नाहीच."

तिला ठाऊक होतं, ही धमकी खरी करावी लागली तर उंबर्ड्यात तिला कोणी पाणीसुद्धा विचारणार नाही. योगराज खाली मान घालून बसला होता, पण उठून गेला नव्हता.

लोटनअण्णांनी घसा खाकरला. "सूनबाई, त्या पाईपाचा आवाज होतो का?"

"नाही, अण्णा. बिवऱ्यांना कळतसुद्धा नाही."

"बिवऱ्यांचं राहू दे. माझं सांग. मी रोज संध्याकाळी बांधावर बसतो. मला ऐकू येईल?"

"नाही येणार."

अण्णांनी काठी बाजूला ठेवली. "लहानपणापासून पाणी गळायचा आवाज आला, की माझ्या पोटात गोळा येतो. झोप लागत नाही, उठून बुजवावंसं वाटतं. बापाने लावलेली खोड आहे." मग ते सभेकडे वळले. "जातंय हे ऐकू आलं नाही, तर सोसेल मला. आणि पिंपळखेलची माणसं काही शत्रू नाहीत, निम्म्या सुना तिथल्याच आहेत. घाला पाईप. ज्याला टोचेल त्याने कानात कापूस घालावा!"

पारावर हशा पिकला आणि त्या हशात ठराव झाला. दोघातिघांनी हात वर केले नाहीत. त्यांच्यातल्या एकीने पुढे वर्षभर हेमांगीशी अबोला धरला.

पाईप घातला त्या दिवशी पिंपळखेलची माणसं पाईपाचे तुकडे विजेच्या ट्रॅक्टरवर लादून वर आली आणि उंबर्ड्याची माणसं तळ्यात उतरली. कंबरभर पाण्यात योगराज पिंजऱ्याची एक बाजू धरून होता आणि दुसरी भटू. दोघे मेव्हणे एकमेकांना "तुम्ही वाकडं धरलंय" म्हणत होते आणि दोघांनीही वाकडंच धरलं होतं. हेमांगी काठावरून ओरडून ओरडून घायकुतीला आली. दुपारी पाईप भरला. बांधावर बिवरे उन्हाला शेपटी करून निवांत होते. एकाने मान वळवली नाही.

अण्णांनी बांधावर बसून कान टवकारले. "जातंय का गं?"

"जातंय, अण्णा."

"बरं," ते म्हणाले आणि त्यांनी तंबाखूची पुडी सोडली.

पाणी पिंपळखेलच्या शिवेत पोचायला चांगले दोन-तीन दिवस गेले. तापलेली वाळू आधी आपलं पोट भरते, मग पुढच्याला देते. "पानी उनं!", पाणी आलं, अशी आरोळी पोरांनी ठोकली, तेव्हा हेमांगी भावाच्या बागेत होती. पुढच्या रांगा वाचणार नव्हत्या, त्या तोडाव्याच लागणार होत्या. मागची झाडं मात्र तग धरून होती. नदीच्या वाळूतून पाण्याची एक चिंचोळी जीभ सरकत येत होती, पुढे पालापाचोळा ढकलत, खड्डा आला की थांबत, तो भरून पुन्हा निघत.

भटू काठावर उकिडवा बसला. त्याने पाण्यात बोटं बुडवली आणि तीच बहिणीच्या कपाळाला लावली. मार्चापासून धरून ठेवलेलं सगळं हेमांगीचं एकदम फुटलं. ती लहान पोरीसारखी हुंदके देऊन रडायला लागली. "माझ्यामुळे झाडं गेली, दादा. तू ओरडत होतास आणि मी तुलाच शहाणपण शिकवत होते."

"हळू गं, हळू रड," भटू म्हणाला. त्याचेही डोळे भरले होते. "एवढा आवाज केलास ना, तर तुझे बिवरे येतील आणि तुझ्याच तोंडावर फांद्या रचतील."

हेमांगीला हसू फुटलं, पण रडणं काही थांबेना. मग भटूच तिच्या शेजारी वाळूत बसला आणि दोघं पाणी पुढे जाताना बघत राहिली.